विळ्यासारखा पर म्हणजे चंद्रकोर नव्हे

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

मागच्या आठवड्यात आपल्या पेपरात आतल्या पानावर एक बातमी होती, आमच्याच जिल्ह्यात किनाऱ्यावर मेलेला डॉल्फिन वाहून आला म्हणून, आणि त्यात लिहिलं होतं की त्याच्या पाठीवर चंद्रकोरीच्या आकाराचा फॅल्केट पर होता. बातमी दिलीत ते फार बरं केलंत, कारण असे प्राणी येतात, दोन दिवस पोरं सेल्फी काढतात, मग जेसीबी येतो आणि वाळूत पुरून मोकळे, कुठे काही नोंदच राहत नाही. पण हा जो फॅल्केट शब्द आहे ना त्याचा अर्थ चंद्रकोर असा होत नाही, विळ्यासारखा असा होतो. शब्दाचा कीस काढतेय असं वाटेल तुम्हाला, पण त्या एका शब्दावरून तो प्राणी कुठला हे बरंचसं ठरतं, म्हणून एवढं सविस्तर लिहितेय, जागा कमी असेल तर पुढचं मागचं कापा पण डॉल्फिनचा भाग कापू नका प्लीज.

मी ज्युनिअर कॉलेजला बायोलॉजी शिकवते, घर बंदराला लागून, घरातल्या दोन होड्या सीझनला पर्यटकांना डॉल्फिन दाखवायला जातात, त्यामुळे हा विषय आमच्याकडे जेवतानासुद्धा निघतो.

फॅल्केट हा इंग्रजीतही रोजच्या बोलण्यातला शब्द नाही, प्राण्यांच्या आणि झाडांच्या पुस्तकांबाहेर तो क्वचितच भेटतो. मूळ लॅटिन. लॅटिनमध्ये विळ्याला फॅल्क्स म्हणायचे आणि त्याचं विशेषण फॅल्काटुस, म्हणजे विळ्याच्या आकाराचा, किंवा विळे लावलेला, दोन्ही अर्थ चालायचे. जुन्या काळी लढाईच्या रथांना बाहेरून धारदार पाती बसवून समोरच्या रांगांत घुसवायचे, इ.स.पू. ३३१ मध्ये गौगामेलाच्या लढाईत इराणच्या तिसऱ्या दारयुशाने सिकंदरापुढे असे रथ आणले होते, त्या जातीच्या रथांना रोमन लोक हेच विशेषण लावायचे. आणि गंमत म्हणजे रोमन शेतकऱ्याचा फॅल्क्स हे एकच हत्यार नव्हतं, धान्य कापायचा वेगळा, गवत कापायचा वेगळा, द्राक्षाच्या वेली छाटायचा वेगळा, सगळ्यांना फॅल्क्सच म्हणायचं आणि पुढे कशाचा ते जोडायचं. आपल्याकडे विळा निराळा, कोयता निराळा, आकडी निराळी. हे पुढे कामाला येणार आहे म्हणून सांगून ठेवते.

नंतर अॅनाटॉमीवाल्यांनी आणि बॉटनीवाल्यांनी हा शब्द उचलला आणि त्याला पक्कं केलं. आपल्या मेंदूच्या डाव्या आणि उजव्या भागाच्या मधे जो जाड पडदा असतो त्याचं नाव फॅल्क्स सेरेब्राय, पुढे नाकाकडे निमुळता, मागे रुंद, वरची कड गोल आणि खालची आत गेलेली. यकृत पोटाच्या पुढच्या भिंतीला जोडणारी जी पातळ घडी आहे ती फॅल्सिफॉर्म लिगामेंट, मेडिकलच्या पोरांना पाठ असतं. झाडांमध्ये लिनियस या स्वीडनच्या शास्त्रज्ञाने १७५३ साली एका वनस्पतीला मेडिकॅगो फॅल्काटा नाव दिलं, आपण जनावरांना घालतो त्या लसूणघासाचीच ही सख्खी नातेवाईक, तिच्या शेंगा विळ्यासारख्या वळलेल्या असतात म्हणून. उच्चाराचा घोळ एवढाच की लॅटिनमधला क इंग्रजीत पुढच्या स्वराप्रमाणे कधी क राहतो कधी स होतो, त्यामुळे फॅल्केट आणि फॅल्सिफॉर्म एकाच घरातले आहेत हे पटकन लक्षात येत नाही. अर्थ साधारण तोच, डॉक्टर मंडळी फॅल्सिफॉर्म जास्त वापरतात आणि पानं, पिसं, मासे यांचं वर्णन करणारे फॅल्केट.

आता नेमका आकार कसा ते. बुडाशी रुंद, टोकाकडे निमुळता होत जाणारा, आणि जाता जाता एका बाजूला वळणारा. बाहेरची कड फुगीर, आतली कड आत दबलेली, आणि टोक एकच. चंद्रकोरीला टोकं दोन असतात, दोन्ही सारखी, मधे जाड, आणि बरोब्बर मधून कापली तर दोन्ही अर्धे आरशात बघितल्यासारखे जुळतात. तिच्यासाठी लॅटिनमधूनच आलेला दुसरा शब्द आहे, ल्युनेट, लुना म्हणजे चंद्र त्यावरून. मग नुसता कमानीसारखा वाकलेला पण निमुळता न होणारा आकार असेल तर त्याला आर्क्युएट म्हणतात, आणि सगळं सरळ असून फक्त टोक आकड्यासारखं वळलं असेल तर अन्सिनेट. चारही वाकडेच आकार, पण चार वेगळे.

पुस्तकात वाचून हे डोक्यात शिरत नाही हो, मी मुलांना सांगते संध्याकाळी हर्णैच्या लिलावाला जा आणि मोठा कुपा बघा, पिवळ्या परांचा, ज्याला यलोफिन ट्यूना म्हणतात तो. एकाच माशावर दोन्ही आकार आहेत. त्याचं शेपूट बघायचं, अंगाजवळ एकदम बारीक मनगटाएवढं आणि मग वर एक शिंग खाली एक शिंग, दोन्ही सारखी लांब, कडक, ही झाली चंद्रकोर, ल्युनेट. मग पाठीवर बघायचं, तिथे दोन पर असतात, पहिला खाचेत मिटून घेतलेला असतो म्हणून दिसत नाही पटकन, दुसरा पिवळा, आणि मासा जेवढा मोठा तेवढा हा पर लांबत जातो, बुडाशी रुंद आणि मागे मागे वळत टोकाला अगदी दोऱ्यासारखा बारीक, पोटाखाली त्याच्या जोडीचा दुसरा तसाच. हे दोन्ही फॅल्केट. एक बोट शेपटावर ठेवा, एक पाठीवरच्या परावर, दोन्ही शब्दांमधला फरक तिथल्या तिथे कळतो, आणि लिलावातल्या बायका काय शोधतेयस गो म्हणून विचारतात तेव्हा त्यांनाही दाखवा, त्यांना पोरांपेक्षा लवकर कळतं कारण त्यांची नजर आधीच बसलेली आहे.

पापलेटचंही तेच. २०२३ मध्ये सरकारने सिल्व्हर पापलेटला राज्यमासा म्हणून जाहीर केलं तेव्हा सगळीकडे फोटो आले, त्या फोटोत खालचा पर नीट बघा, पुढचा भाग लांब आणि मागे विळ्यासारखा वळलेला दिसेल. त्याचा भाऊबंद चायनीज पापलेट, त्याच्या परांना असा विळा नसतो, कडा बोथट असतात. जातीजातीतला फरक सांगणाऱ्या पुस्तकात दोघांना वेगळं काढताना हाच शब्द वापरलेला असतो, एक फॅल्केट, दुसरा नाही.

आता डॉल्फिनकडे येते.

आमच्या दापोली गुहागर पट्ट्यात, खाली मालवण तारकर्लीपर्यंत, किनाऱ्याजवळ होडीतून जो डॉल्फिन बहुतेक वेळा दिसतो तो हंपबॅक. २०१४ पर्यंत याला चीनकडच्या जातीतच धरायचे, मग अभ्यास करून हिंदी महासागरातला वेगळा काढला, शास्त्रीय नाव सौसा प्लंबिया, आणि आज तो धोक्यात असलेल्या प्राण्यांच्या जागतिक यादीत आहे. याच्या पाठीवर बैलाच्या वाशिंडासारखा लांबट उंचवटा असतो आणि त्या उंचवट्यावर छोटासा पर, त्रिकोणीच म्हणा, मागची कड जेमतेम आत गेलेली. दुसरा आपल्याकडचा जवळच्या पाण्यातला प्राणी म्हणजे फिनलेस पॉर्पॉइज, डॉल्फिनचाच छोटा नातेवाईक, याला पाठीवर परच नसतो, नुसती खडबडीत बारीक दाण्यांची पट्टी असते, तोंडाला चोचही नसते, डोकं गोल, लांबीला दीड मीटरच्या आसपास. तिसरा बॉटलनोज, त्याचा पर उंच, रुंद बुडाचा आणि मागे छान वळलेला, म्हणजे खराखुरा फॅल्केट. त्याहून आत खोल पाण्यात रिसोज डॉल्फिन असतो, त्याचा तर आणखी उंच आणि फॅल्केट.

म्हणजे बघा, पर नाही, पर त्रिकोणी आणि वाशिंडावर, पर विळ्यासारखा, एवढ्या तीन गोष्टींवरून किनाऱ्यावर उभा असलेला कोणीही माणूस, शिक्षण कितीही असो, निम्मं काम करू शकतो. आणि आपल्या बातमीत नेमकं इथेच गडबड झाली. फॅल्केट खरं मानलं तर तो बॉटलनोज किंवा आणखी आतला कोणी असणार, हंपबॅक नव्हे, आणि आतला प्राणी किनाऱ्याला का आला हा पुढचा प्रश्न येतो. चंद्रकोर खरं मानलं तर वाचणाऱ्याला वाटतं पाठीवर दोन शिंगांचं काहीतरी होतं, असा पर कुठल्याच डॉल्फिनला नसतो, चंद्रकोरीच्या जवळ जाणारं त्यांच्याकडे काय असेल तर शेपूट, तेही माशासारखं उभं नाही, आडवं. बातमीबरोबरचा फोटो तोंडाच्या बाजूने काढलेला, त्यात पर दिसतच नाही. मग ज्यांना नोंद ठेवायची आहे त्यांनी काय लिहायचं? डॉल्फिन, जात माहीत नाही. झालं.

तुम्ही म्हणाल रंग होता ना, रंगावरून सांगता येईल. नाही सांगता येत. मेल्यावर उन्हात कातडी सोलून निघते, रंग बदलतो. फिनलेस पॉर्पॉइज जिवंतपणी राखाडी असतो आणि मेला की काळा पडतो, जुन्या पुस्तकांतून त्याला काळाच लिहिलंय कारण लिहिणाऱ्यांनी मेलेलेच बघितले होते. पराचा मात्र रंगाशी संबंध नाही, आकार राहतो, पण तोही फार दिवस नाही, कारण डॉल्फिनच्या पाठीवरच्या परात हाड नसतं, नुसती चिवट तंतूंची बांधणी असते, दोन तीन दिवसांनी तो लुळा पडतो, कुत्रे कोल्हे आधी तेच ओढतात. म्हणून पहिल्या दिवशी जो माणूस तिथे पोचतो, आणि तो बहुतेक वेळा आपला बातमीदार नाहीतर गावातला कोणी मोबाईलवाला असतो, त्याने काय पाहिलं आणि कुठल्या शब्दात लिहिलं यालाच महत्त्व आहे. दात दिसत असतील तर तेही बघावेत, डॉल्फिनचे सुळक्यासारखे टोकदार, पॉर्पॉइजचे फावड्यासारखे चपटे. पण तोंड उघडायच्या फंदात कोणी पडू नये, रोगराई असते, आणि हे सगळे प्राणी १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात पहिल्या शेड्यूलमध्ये आहेत, हात न लावता आधी वनखात्याला कळवणं हेच बरोबर.

मोठ्या देवमाशांचंही असंच. आपल्याकडे २०१५ च्या जूनमध्ये रेवदंड्याला ब्लू व्हेल लागला होता, २०२३ च्या नोव्हेंबरात गणपतीपुळ्याला देवमाशाचं पिल्लू जिवंत आलं होतं आणि त्याला पाण्यात परत ढकलायला माणसांनी दिवसरात्र एक केली होती, ते सगळ्यांनी टीव्हीवर बघितलंय. एवढा मोठा प्राणी समोर आला की जो तो ब्लू व्हेलच म्हणतो. पण ब्लू व्हेलचा पर अंगाच्या मानाने अगदीच चिमुकला आणि खूप मागे शेपटाकडे असतो, आणि आपल्या समुद्रात असणारा दुसरा देवमासा ब्राइड्स व्हेल, त्याचा पर उंच, उभा आणि ठळक विळ्यासारखा, शिवाय डोक्यावर लांबीच्या दिशेने तीन कंगोरे. इथेही फॅल्केट हा शब्द आहे की नाही यावर बरंच काही आहे.

हा आकार प्राण्याला कशासाठी हवा तेही मुलं विचारतात. पाठीवरचा पर म्हणजे वळताना आणि वेगात जाताना अंग गडगडू नये म्हणून आधार, आणि तो मागे झुकलेला निमुळता असला की पाणी कापताना अडथळा कमी होतो. आणखी एक काम म्हणजे अंगातली उष्णता त्यातून बाहेर टाकता येते, परात रक्तवाहिन्यांचं जाळं असतं आणि वर चरबीचा थर नसतो. किनाऱ्याजवळच्या गढूळ उथळ पाण्यात हळू फिरणाऱ्याला आणि उघड्या समुद्रात लांब पल्ला मारणाऱ्याला एकसारखाच पर का असेल मग.

आता एक बाजू मला इमानदारीने मांडायला हवी, नाहीतर कोणी जाणकार वाचक उलटा प्रश्न विचारेल. जुन्या इंग्रजी खगोलशास्त्रात चंद्राच्या कोरीला फॅल्केटेड म्हणायचे, उजेड पडलेला भाग विळ्यासारखा दिसतो म्हणून, जुन्या डिक्शनऱ्यांमध्ये तो अर्थ सापडतो. आणि मलेरियाच्या रक्ताच्या रिपोर्टवर जो फॅल्सिपॅरम शब्द असतो तोही याच फॅल्क्सवरून, १८९७ साली अमेरिकेतल्या विल्यम वेल्च यांनी ते नाव दिलं, या परजीवीची एक अवस्था काचेवर सूक्ष्मदर्शकाखाली कोरीसारखी वाकडी दिसते आणि दोन्हीकडे टोकं असतात, इतर मलेरियात ती गोल असते. लॅबवाल्याला ती वाकडी कोर दिसली की फॅल्सिपॅरम नक्की झाला, आणि मग औषधही बदलतं, साध्या व्हायवॅक्स मलेरियाला क्लोरोक्विन आणि याला आर्टेमिसिनिनचं जोड औषध. म्हणजे बातमीदाराने चंद्रकोर लिहिलं त्याला अगदीच आधार नाही असं नाही. पण चंद्राला फॅल्केटेड म्हणायचं केव्हाच मागे पडलं, फॅल्सिपॅरम हे नाव झालं, वर्णन नाही, आणि आज परांचं, पानांचं, पिसांचं वर्णन करताना फॅल्केट म्हणजे एका टोकाचा विळा आणि ल्युनेट म्हणजे दोन टोकांची कोर हे ठरून गेलेलं आहे. दोन शब्द वेगळे ठेवलेत ते कामासाठी ठेवलेत.

रक्ताच्या गोष्टीत सिकलसेलही आठवतो, वर पालघरकडे आदिवासी पाड्यांत हा आजार खूप आहे, तिथेही १९१० साली शिकागोच्या जेम्स हेरिक यांनी रक्तातल्या पेशी विळ्यासारख्या लांबट वाकड्या दिसतात असंच लिहिलं आणि आजाराला तेच नाव पडलं. आकार नीट बघून नीट लिहिला म्हणून आजार ओळखला गेला, यापेक्षा जास्त काय सांगू.

मग मराठीत काय लिहावं. झाडांच्या मराठी पुस्तकांत फॅल्केटला कोयत्यासारखं असंही लिहिलेलं दिसतं. घाटावरच्या माणसाला ते चालेल, ऊसतोडीचा कोयता वाकडा पात्याचा असतो. पण आमच्या कोकणात कमरेच्या आकडीला लटकतो तो कोयता वेगळा, पातं जड, बरंचसं सरळ आणि फक्त पुढचं टोक चोचीसारखं वळलेलं, नारळ सोलायला, फांद्या तोडायला. तो आकार वर सांगितला त्यातला अन्सिनेटच्या जवळचा आहे, फॅल्केट नाही. माझ्या वर्गात हा घोळ दरवर्षी होतो, कोयत्यासारखं पान काढा म्हटलं की मुलं सरळ पान काढून टोकाला बाक देतात, त्यांची चूक नाही, त्यांच्या घरी कोयता तसाच आहे. विळ्याचं तसं नाही, भातकापणीचा विळा, दापोलीच्या कृषी विद्यापीठाचा दातेरी वैभव विळा घ्या किंवा गावातल्या लोहाराने बनवलेला साधा घ्या, आकार एकच. म्हणून विळ्यासारखा हाच शब्द बरा असं माझं स्पष्ट मत आहे. पुस्तकी हवा असेल तर संस्कृतात विळ्याला दात्र म्हणतात त्यावरून दात्राकार करता येईल, पण बातमीत नको, वाचणारा अडखळेल. आणि किंचित वळलेला असेल, हंपबॅकसारखा, इंग्रजी पुस्तकवाले ज्याला सबफॅल्केट म्हणतात, तर सरळ किंचित विळ्यासारखा म्हणा, काही बिघडत नाही.

घराबाहेर पडून हा आकार बघायचा असेल तर कोकणात लांब जायला नको. रस्त्याच्या कडेला, डोंगरउतारावर, सामाजिक वनीकरणात लावलेला ऑस्ट्रेलियन अकेशिया सगळीकडे आहे. एक पान तोडून तळहातावर ठेवा. खरं तर ते पान नाहीच, पानाचा देठच रुंद होऊन पानासारखा झालेला आहे, अगदी लहान रोपाला पहिली दोन चार पानं बारीक बारीक पाकळ्यांची खरी येतात आणि मग हे देठ सुरू होतात. हाताला जाड, चिवट, एक कड जवळजवळ सरळ आणि दुसरी फुगीर, दोन्हीकडे निमुळतं आणि सगळं मिळून एका बाजूला वळलेलं, बुडापासून टोकापर्यंत लांब लांब तीन ठळक शिरा. हे फॅल्केट. आणि त्याच झाडाच्या शेंगा वाळल्या की पिळून वेड्यावाकड्या वेटोळ्या होतात, त्यावरून जातीचं नाव ऑरिक्युलिफॉर्मिस, लॅटिनमध्ये ऑरिक्युला म्हणजे कानाची पाळी, कानाच्या आकाराचा. हे झाड आपल्याकडे इतकं लावायला नको होतं असं माझं मत आहे, त्याच्याखाली गवतसुद्धा धड उगवत नाही, पण तो विषय वेगळा, त्यावर कधीतरी वेगळं पत्र लिहीन. निलगिरीचं मोठ्या झाडावरचं पानही असंच विळ्यासारखं लटकतं.

आता तुमच्याकडे मागणं असं आहे. किनाऱ्यावर डॉल्फिन, पॉर्पॉइज किंवा देवमासा आल्याची बातमी येईल तेव्हा बातमीदाराला एवढं सांगून ठेवा की पाठीवर पर आहे का नाही ते आधी लिही, असेल तर अंगाच्या मधे आहे की मागे, खाली उंचवटा आहे का, मागची कड सरळ आहे की विळ्यासारखी आत गेलेली. फोटो बाजूने काढ, पूर्ण अंग येईल असा, पराचा एक वेगळा, आणि शेजारी चप्पल किंवा काठी काहीतरी ठेव म्हणजे माप कळेल. पर्यटकांच्या पायांचे फोटो नकोत. लांबी पावलांनी मोजली तरी चालेल पण लिहा. वाहून आलेल्या प्राण्यांच्या नोंदी राज्याच्या कांदळवन कक्षाकडे जातात, हा कक्ष २०१२ पासून आहे, आणि आपली बातमी कित्येकदा त्यांच्यापर्यंत सगळ्यात आधी पोचते, अशा वेळी तिच्यातला एक शब्द बरोबर असला की पुढच्या माणसाचं काम सोपं होतं.

आणखी एक, मच्छिमार भावांसाठी हे लिहायला हवं. जाळ्यात डॉल्फिन, देवमुशी, कासव असा संरक्षित प्राणी अडकला आणि जाळं कापून त्याला जिवंत सोडलं तर जाळ्याच्या नुकसानीपोटी सरकार २५ हजारांपर्यंत भरपाई देतं, ही योजना २०१८ पासून आहे, आणि त्यासाठी फोटो लागतो. होडीवर घाईगडबडीत, लाटा उसळतायत, प्राणी तडफडतोय, अशात एकच फोटो निघणार असेल तर तो पराचा निघू दे, तोंडाचा नाही. आमच्याकडच्या पोरांना आम्ही हे सांगून ठेवलंय. पण आपला पेपर श्रीवर्धनपासून वेंगुर्ल्यापर्यंत जातो, आमचं सांगणं बंदराच्या पलीकडे जात नाही.

आणि जमलं तर रविवारच्या पुरवणीत अर्ध्या पानाचं एक चित्र छापा, कडेकडेने चार पाच परांच्या नुसत्या बाह्यरेषा, फिनलेस, हंपबॅक, बॉटलनोज, ब्राइड्स, ब्लू, खाली मराठीत नाव आणि एक ओळ. लोक ते कापून बंदरावरच्या टपरीत, सोसायटीच्या ऑफिसात, होडीच्या केबिनमध्ये चिकटवतील, पंचांग चिकटवतात तसं. रेषा मी काढून देते, मानधन वगैरे काही नको, नाव छापलं नाही तरी हरकत नाही, फक्त छापायच्या आधी डॉल्फिनवर प्रत्यक्ष काम करणाऱ्या कोणाकडून तरी एकदा तपासून घ्या. पाऊस सुरू व्हायच्या आत आलं तर उत्तम, कारण पावसाळ्यात वारा किनाऱ्याकडे असतो आणि वाहून येणारे प्राणी तेव्हाच जास्त सापडतात.

आपली,
एक नेहमीची वाचक,
ता. दापोली, जि. रत्नागिरी